डाव्या हाताचा पहिला घास

मुकुंद, चहा तरी पिऊन जायचा होतास. कौन्सिलच्या टिपवर, म्हणजे कचरा डेपोत, जुना फ्रिज टाकून आलास, हात धुतलेस, वहिनींना "आलं घाल जरा" म्हणालास आणि किटलीतलं पाणी उकळायच्या आत खुर्चीत मान टाकलीस. इथल्या हॉस्पिटलात इतकी वर्षं लोकांना भूल देऊन झोपवणारी आणि वेळेवर उठवणारी तुझी बायको तुझ्यापासून चार पावलांवर उभी होती. तिलाही तू दाद दिली नाहीस. महिना झाला, तरी त्या उरलेल्या आल्याच्या तुकड्याचं काय करावं ते वहिनींना कळलेलं नाही. तो अजून खिडकीत पडून आहे.

रडगाणं इथेच थांबवते. तुला ते आवडायचं नाही, आणि या आठवड्यात मलाही बऱ्याच दिवसांनी पोट धरून हसू आलं. काल तुझा सिनेमा दाखवला, तो मायलेकरांचा, तुझा सगळ्यात लाडका. त्या सिनेमातली एक गोष्ट मी नऊ वर्षं पोटात ठेवली होती. सांगायला मी वेळ लावला आणि ऐकायला तू थांबला नाहीस, तेव्हा चूक निम्मी निम्मी. आता माझं ऐकून घे आणि मध्ये बोलू नकोस. हे सांगायची संधी मला पहिल्यांदाच मिळते आहे.

आपली ओळख गणपतीतली. मी पुण्याहून दोन वर्षांच्या व्हिसावर ब्रॅकनेलच्या एका कंपनीत टेस्टर म्हणून आले होते, म्हणजे दुसऱ्यांच्या चुका शोधायचा पगार घेत होते. तू वहिनींच्या नोकरीमागे 'डिपेंडंट' म्हणून आलेला कॅमेरामन, आणि इथे तुझ्या हातात कोणी कॅमेरा देत नव्हतं. मंडळाने भाड्याने घेतलेल्या शाळेच्या हॉलमध्ये आरती सुरू होणार, तेवढ्यात तू सगळ्या ट्यूब बंद केल्यास. सेक्रेटरीकाका धावत आले. हेल्थ अँड सेफ्टी आहे, फायर अलार्म आहे, शाळेला काय सांगू, असं बरंच काही म्हणाले. तू शांतपणे म्हणालास की काका, पाच मिनिटं द्या, बाप्पाचा चेहरा सपाट दिसतोय. मग कोपऱ्यातला एकच दिवा लावलास, मखरातून उरलेला थर्माकोल उचलून माझ्या हातात दिलास आणि त्या दिव्यासमोर मला उभं केलंस. "थोडं उजवीकडे. अजून थोडं. थोडं." सगळी आरती होईपर्यंत मी तो थर्माकोल धरून उभी, टाळी वाजवायलासुद्धा हात मोकळा नाही. पण मूर्तीवर इतका मऊ उजेड पडला की पुढच्या वर्षी सेक्रेटरीकाकांनी ट्यूब बंद करायची परवानगी शाळेकडून स्वतःहून लेखी आणली.

तोच थर्माकोल गाडीत घालून तू स्लाउच्या एका हॉलमध्ये जॉर्डनच्या लोकांचं लग्न शूट करायला गेलास. कोणाच्या तरी ओळखीने मिळालेलं काम. तिथे नवरीची मामेबहीण होती समीहा, लंडनमध्ये सिनेमा शिकणारी. बाकीचे नाचणाऱ्यांच्या मागे फोन घेऊन पळत होते आणि तू स्वयंपाकघराच्या दाराशी एकटाच उभा असलेल्या नवरीच्या बापावर कॅमेरा लावून बसला होतास. तिने ते पाहिलं. जवळ येऊन विचारलं, तुला अरबी येतं का. तू म्हणालास, नाही, मराठी येतं. एवढ्या भांडवलावर तू अरबी सिनेमात शिरलास, आणि पुढची वीस वर्षं जॉर्डन, ट्युनिशिया, मोरोक्को असा फिरत राहिलास.

अरबी शेवटपर्यंत शिकला नाहीस. ऊन, चहा आणि उद्या, एवढ्या तीन शब्दांवर तुझं भागायचं. मी किती वेळा म्हटलं, अरे एक क्लास लाव, लायब्ररीत फुकट असतो. तू म्हणायचास की शब्द कळायला लागले की मी शब्द ऐकत बसेन आणि चेहऱ्याकडे बघायचं राहील. बोलायच्या आधी माणूस श्वास घेतो, रडायच्या आधी आवंढा गिळतो, तेवढं दिसलं की कॅमेरा कधी हलवायचा ते कळतं. मला हे आळशी माणसाचं तत्त्वज्ञान वाटायचं. अजूनही थोडं वाटतं. पण तुझ्या सिनेमात नटाने तोंड उघडायच्या आधी तुझा कॅमेरा त्याच्याकडे पोचलेला असायचा, हेही खरं.

तुझं दुसरं एक वाक्य मी पाठच केलं होतं, कारण महिन्यातून चारदा ऐकायला लागायचं. उजेड लोकांच्या लक्षात आला म्हणजे चुकला. कोणी "काय सुंदर फोटोग्राफी" म्हणालं की तुझं तोंड वाकडं व्हायचं. एकदा आमच्या कंपनीतल्या जोशीने तुझ्या कॅमेऱ्याची अर्धा तास स्तुती केली, तर तू त्याला विचारलंस, गोष्ट कळली का. त्याला कळली नव्हती. त्या आठवड्यात तुला जेवण गोड लागलं नाही.

मला या धंद्यात ओढणाराही तूच. समीहाच्या पहिल्या छोट्या सिनेमाचे रंग जुळवायला तुझ्याकडे कोणी नव्हतं, म्हणून माझ्या कॉम्प्युटरवर आपण शनिवार-रविवार बसलो. तुझं म्हणणं होतं की माझ्या डोळ्यांना चूक दिसते, आणि रंगाचं काम म्हणजे दुसरं काही नाही, शेजारच्या दोन शॉटमधली चूक दिसली पाहिजे. तीन वर्षांनी मी नोकरी सोडली आणि लंडनला एका अंधाऱ्या खोलीत सिनेमांचे रंग सारखे करायला बसले. माझ्या आईने नाशिकहून फोनवर विचारलं, म्हणजे आता तू रंगारी का. तू मात्र मला शेवटपर्यंत टेस्टरबाईच म्हणालास. ही नोकरी, ही खोली, हे सगळं तुझ्यामुळे मिळालं, हे मी तुला एकदाही सांगितलं नाही. आज सांगते. उपकार झाले, मुकुंद.

आता मुद्द्यावर येते.

मायलेकरांच्या सिनेमात अकरा वर्षांनी घरी परतलेला मुलगा आहे. रस्त्यावरून चालत येतो तेव्हा पडद्यावर डावीकडून उजवीकडे चालतो. मग घरात शिरतो तो उजवीकडच्या दारातून, आणि उलट दिशेने चालत येऊन आईसमोर बसतो. आई एक शब्द बोलत नाही. भाकरीचा तुकडा मोडते, तेलात बुडवते आणि त्याच्या तोंडात घालते. सगळा एकच लांब शॉट. ती आई म्हणजे शूटिंग झालं त्या गावातलीच बाई, उम्म खालिद, आयुष्यात कधी कॅमेऱ्यासमोर उभी न राहिलेली. तिने ते एकदाच केलं आणि दुसऱ्यांदा करायला नाही म्हणाली, कारण पोराचं पोट भरलं होतं.

माझी हरकत त्या दाराला होती. इतका वेळ उजवीकडे चाललेला माणूस घरात येताच डावीकडे चालायला लागला, तर तो आल्या पावली परत निघाल्यासारखा वाटतो, असं माझं म्हणणं. तुझं म्हणणं, तुला वाटतो, त्यांना नाही वाटणार. अरबी वाचणाऱ्याची नजर उजवीकडून सुरू होते. रस्त्यावर तो परका होता म्हणून उलटा चालवला. घरात शिरला की आपल्या बाजूने आला. घरी येणारा माणूस उजवीकडून येतो. मी म्हटलं, लोक सिनेमा वाचत नाहीत, बघतात. तू म्हणालास, वाचणारेच बघतात. यावर आपण दोन महिने भांडलो. माझ्या जेवणाच्या टेबलावर मीठदाणी म्हणजे मुलगा, लोणच्याची बरणी म्हणजे आई, आणि मीठदाणी कुठल्या बाजूने यावी यावरून भाजी गार व्हायची. वहिनी शेवटी वैतागून म्हणाल्या की मुलाला कुठूनही येऊ दे, मला मीठ द्या.

शेवटच्या दिवशी पाच वाजता फाइल पाठवायची होती. समीहाला इथला व्हिसा मिळाला नव्हता, तिने तिकडून लिंकवर सगळं बघून ओके कळवलं होतं. तुझ्या रेवाच्या शाळेत स्पोर्ट्स डे होता, बाबांची शर्यत होती, म्हणून तू बारालाच निघालास. जाताना म्हणालास, झालंच आहे सगळं, पाठवून दे. मी शेवटचं एकदा बघायला बसले आणि तो शॉट आला. एक बटण दाबलं की शॉट आरशात पाहिल्यासारखा उलटतो. म्हटलं, बघू तरी. दाबलं. मुलगा डावीकडून आत आला, जसा रस्त्यावरून चालत होता तसाच, सरळ आईपाशी. मला इतकं बरोबर वाटलं की डोळ्यांत पाणी आलं. वाद जिंकल्याचं पाणी होतं ते, हे मला तेव्हा कळलं नाही. मी ते तसंच ठेवलं आणि पाठवलं. चुका शोधून पोट भरणाऱ्या बाईने मुलाची दिशा पाहिली, भिंतीचा रंग पाहिला, आणि आईचा हात पाहिला नाही.

हात मला जॉर्डनमध्ये, अम्मानच्या थिएटरात दिसला, चारशे माणसांबरोबर. आई डाव्या हाताने भाकरी मोडत होती, डाव्या हाताने लेकराला घास भरवत होती. पाठीमागच्या रांगेत कोणीतरी च्च केलं. एक बाई हसली. मग सगळीकडून कुजबुज, आणि माझ्या शेजारी समीहा ताठ होऊन बसली. लहानपणी मी डाव्या हाताने प्रसाद घेतला म्हणून माझ्या आईने देवळात सगळ्यांसमोर माझ्या हातावर फटका मारला होता. त्याच हाताला मी त्या थिएटरात घट्ट धरून बसले. जी गोष्ट नाशिकच्या कुठल्याही आजीला एका नजरेत दिसली असती, ती मला दिसली नव्हती. माझ्या दुसऱ्या बाजूला तू होतास. तू फक्त एकदा खोकलास.

सिनेमा संपल्यावर समीहा तुला खांबामागे घेऊन गेली. दहा मिनिटं तिचे हात हलत होते आणि तू मान हलवत होतास. मी लांब उभी. आता जाऊन सांगावं, आता सांगावं, असं करत राहिले. तू परत आलास आणि म्हणालास, "लॅबमध्ये फाइल उलटली असणार. चल, भूक लागलीय." मला सुटल्यासारखं झालं. लाज वाटायला हवी होती, ती नंतर वाटली, हॉटेलात गेल्यावर. पण तोपर्यंत लॅबवर ढकलून झालं होतं.

शॉट दुसऱ्याच दिवशी सरळ करता आला असता. पण सकाळच्या पेपरात कोणी शहाण्याने लिहिलं की आनंदाने बावरलेली आई कुठला हात कुठला हेही विसरते, आणि दिग्दर्शिकेने केवढं धाडस केलं आहे. झालं. समीहाला धरता येईना आणि सोडता येईना. डावा हात सिनेमात राहिला. पुढे एडिनबराला तू विद्यार्थ्यांसमोर बोलायला गेलास तेव्हा एका मुलीने त्या डाव्या हाताचा अर्थ विचारला. मी तिसऱ्या रांगेत बसून जमीन दुभंगायची वाट पाहत होते. तू चेहऱ्यावरची सुरकुती न हलवता म्हणालास की त्या बाईने मुलाला पाच वर्षं उजव्या कडेवर वागवलं होतं, उजवा हात दमला होता. मुलांनी ते लिहून घेतलं. तू मिशीत हसलास, माझ्याकडे बघून, आणि मला वाटलं तू लॅबला सांभाळून घेतोयस.

समीहाचा पुढचा सिनेमा वाळवंटातला. त्याची तू चार वर्षं वाट पाहत होतास, वाळूवरच्या उजेडाच्या गोष्टी सांगून आमचे कान किटवले होतेस. तो तिने दुसऱ्या कॅमेरामनबरोबर केला. मी विचारलं तर म्हणालास, रेवाची सेकंडरी शाळा बदलते आहे, मीच नको म्हटलं. मी विश्वास ठेवला, कारण ठेवणं सोयीचं होतं. दोन वर्षांनी तिने तुला परत बोलावलं, तुमचे आणखी दोन सिनेमे झाले, आणि मी मनातल्या मनात ते प्रकरण बंद केलं.

अम्मानहून परतल्यावरच तुझं एक नवीन खूळ सुरू झालं होतं. रविवारी आमच्याकडे जेवायला बसलास की पहिला घास डाव्या हाताने उचलायचास. उचलून मध्येच थांबायचास, माझ्याकडे बघायचास, मग "अरे हो" म्हणून उजव्या हातात घ्यायचास. आई उन्हाळ्यात इथे आली होती, ती ओरडलीच तुझ्यावर. अरे, डाव्या हाताने? तू म्हणालास, काकू, कॅमेरा वागवून उजवा खांदा कामातून गेलाय. आईने रात्री मोहरीच्या तेलाची बाटली तुझ्यासाठी काढून ठेवली. मी वहिनींना फिजिओ बघा म्हणून सांगितलं. वहिनी म्हणाल्या, बघते, आणि उठून स्वयंपाकघरात गेल्या. नऊ वर्षं, मुकुंद. किती रविवार झाले असतील.

तू गेल्यावर तिसऱ्या आठवड्यात रेवाचा केंब्रिजहून फोन आला. "आत्या, बाबाची ती फिल्म बिग स्क्रीनवर दाखवायची आहे. बेस्ट क्वालिटी फाइल तूच बनव. समीहा आंटी पण येतेय." मी जुनं काम उघडलं. त्या शॉटपाशी ती उलट केल्याची खूण तशीच होती, माझ्याच हातची. तीन दिवस मी नुसती तिच्याकडे बघत होते. सरळ केलं तर समीहा विचारणार, का. तसंच ठेवलं तर ती स्टेजवर जाऊन लॅबने माझ्या सिनेमाची कशी वाट लावली ही गोष्ट हसत हसत सांगणार, आणि मी टाळ्या वाजवणार. तू असताना मला हे चाललं होतं. आता तू सांभाळून घ्यायला नव्हतास, आणि मला ते सहन होईना.

म्हणून मी वहिनींकडे गेले. त्या तुझे शर्ट चॅरिटी शॉपला द्यायला घड्या घालत होत्या. मी दारातच सांगून टाकलं, सगळं, बटणापासून खांबापर्यंत. त्यांनी घडी पुरी केली आणि हसायला लागल्या. मला वाटलं, दुःखाने होतं असं माणसाचं.

"मृणाल, अगं त्याला माहीत होतं," त्या म्हणाल्या. "अम्मानहून फोन आला त्याचा त्याच दिवशी. म्हणाला, टेस्टरबाईने माझी खिडकी उचलून समोरच्या भिंतीत बसवली."

खिडकी. त्या शॉटमधला सगळा उजेड तू एका खिडकीतून आणला होतास, तीन दिवस तिच्यावर कापडं टांगून. शॉट उलटला की खिडकीही उलटणार. ज्या माणसाला कुठल्या गालावर कुठून उजेड पडला हे वीस वर्षांनी आठवायचं, त्याच्यापासून मी भिंत लपवत होते. मी तुझ्या पायरीवरच बसले.

मग वहिनींनी बाकीचं सांगितलं. समीहाला तू खांबामागे सांगितलंस, "शेवटच्या दिवशी मीच उलटवला, मला तसा बरा वाटला." म्हणूनच वाळवंट गेलं. माझ्या पाठीमागे माझा सिनेमा बदलणारा माणूस मला नको, असं तिने कळवलं होतं. मी विचारलं, मग मला का नाही बोलला. वहिनी म्हणाल्या, "मी म्हटलं त्याला, विचार तिला सरळ. तर म्हणे, टेस्टर आहे ती, सापडलेली चूक स्वतः रिपोर्ट करेल. तोपर्यंत आठवण देत राहू." आणि त्यांनी डाव्या हाताने हवेतला घास उचलून दाखवला.

लबाड माणसा. मी तिथे बसून आधी रडले आणि मग इतकी हसले की शेजारच्या बाईने कुंपणावरून डोकावून सगळं ठीक आहे ना विचारलं. मी तुझ्यासाठी फिजिओ शोधत होते. आई मोहरीचं तेल काढत होती. रागही आला, अजून आहे. नऊ वर्षं तू माझ्यासाठी दार उघडं धरून उभा होतास, मान्य, पण एकदा हाक मारायला काय झालं होतं? हे भांडण मी ठेवून घेतलं आहे, मिटलं असं समजू नकोस.

समीहाला आणायला काल मीच हीथ्रोला गेले. मोटरवेभर तोंड उघडलं नाही. ब्रॅकनेल आलं आणि राउंडअबाउट सुरू झाले. पहिल्यावर ठरवलं की आता बोलायचं, आणि एक्झिट चुकला. परत फेरी मारली. तिसऱ्या फेरीला समीहा म्हणाली की हे झाड आपण आधी पाहिलं आहे. तेव्हा मी सांगितलं. स्टिअरिंग धरून, तिच्याकडे न बघता, गोल फिरत. तो शॉट मी उलटवला होता. मुकुंदने नाही.

तिने खिडकीची काच खाली केली. मग म्हणाली की वाळवंटाच्या शूटिंगला ती रोज सकाळी तुझ्यावर चिडायची. रोज, सूर्य वर आला की. असा उजेड वाया चाललाय आणि हा मूर्ख घरी बसलाय, म्हणून. "तुम्ही दोघांनी मिळून मला फसवलं," ती म्हणाली, आणि तिचा आवाज खरंच कडक होता. मी सॉरी म्हटलं. त्याने काही होणार नव्हतं, पण म्हटलं. माझ्याकडे दोन फाइली आहेत, एक तशीच आणि एक सरळ केलेली, तू सांगशील ती लावू, असंही सांगितलं. आपल्या मीठदाणीच्या भांडणासकट सगळं सांगितलं. तिने विचारलं, तो कुठल्या बाजूने म्हणत होता. मी म्हटलं, उजवीकडून.

"मग उजवीकडून येऊ दे त्याला," ती म्हणाली. "आणि स्टेजवर काही बोलू नकोस. नाहीतर लोक हात बघत बसतील, मुलाकडे कोणी बघणार नाही." मग डोळे पुसले आणि म्हणाली की आता कृपा करून या वर्तुळातून बाहेर काढ.

हॉल भरला होता. मंडळाची माणसं, वहिनींचं सगळं थिएटर, म्हणजे ऑपरेशनचं, आणि लंडनहून आलेले समीहाचे बरेच लोक. सेक्रेटरीकाका काठी टेकत आले होते, ट्यूब त्यांनीच बंद केल्या. सुरुवातीला रेवाने अम्मानच्या तुझ्या म्हाताऱ्या लाइटमनचा निरोप फोनवरून ऐकवला. सगळा अरबी, काही कळत नव्हतं, आणि मध्येच स्वच्छ मराठीत "थोडं, थोडं." समीहाने सांगितलं की त्यांच्याकडची दिवे लावणारी सगळी माणसं अजून थोडंच म्हणतात, तो शब्द भारतातून आलाय हे नव्या लोकांना माहीतही नाही. अख्खा हॉल हसला. तू अरबी शिकला नाहीस, पण त्यांना मराठी शिकवून आलास.

मग तो शॉट आला. मुलगा रस्त्यावरून आला, आणि दार उघडलं ते उजवीकडचं. तो आत शिरला, वळला, आईसमोर बसला. खिडकी तिच्या भिंतीत परत होती. उम्म खालिदने उजव्या हाताने भाकरी मोडली. आणि मुकुंद, तो परत निघालेला नाही वाटला. तो आला होता. माझ्यासारख्या डावीकडून वाचणाऱ्या बाईलाही तो आलेलाच दिसला. तू बरोबर होतास, मी चूक होते, आणि हे वाक्य लिहायला मला नऊ वर्षं आणि एक मरण लागलं.

मी मान वळवून हॉलकडे पाहिलं. कोणी च्च केलं नाही, कोणी कुजबुजलं नाही. बायका डोळे पुसत होत्या. जोशीसुद्धा रडत होता. नंतर चहाच्या रांगेत मी कान देऊन उभी राहिले, पण दाराबद्दल, हाताबद्दल, उजेडाबद्दल कोणी एक अक्षर बोललं नाही. सगळे त्या आईबद्दल बोलत होते. जोशीला गोष्ट कळली, मुकुंद.

जेवायला मंडळाचा मसालेभात होता, आणि समीहाने आणलेली भाकरी नि तेल. आम्ही एकाच टेबलावर बसलो, वहिनी, रेवा, समीहा आणि मी. माझ्या शेजारची खुर्ची कोणी घेतली नाही. मी भाकरीचा तुकडा मोडला, तेलात बुडवला आणि उचलला. डाव्या हाताने. उचलून मध्येच थांबले. वहिनींनी पाहिलं आणि तोंडावर पदर धरला.

रेवा म्हणाली, "आत्या, राँग हँड."

"हो गं," मी म्हटलं. "माझाच चुकला."

आणि घास उजव्या हातात घेतला.